अलीसा फ्रेइंदलिख : आधी रंगभूमी, मग पडदा



दिग्दर्शक तार्कोव्हस्की यांचा ‘स्टॉकर’ हा चित्रपट ज्यांनी पाहिला, त्यांना त्यातली स्टॉकरची बायको विसरता येत नाही. चित्रपट संपत आला की ती सिगारेट ओढत थेट आपल्याकडे बघते आणि नवऱ्याबरोबर काढलेल्या आयुष्याबद्दल बोलते. दुःख वाट्याला आलं, पण पस्तावा नाही, असं सांगते. फिल्म सोसायटीतले खेळ संपले की मंडळी कॅमेऱ्यावर आणि त्यातल्या गूढ ‘झोन’च्या अर्थावर तासन्‌तास बोलतात. ही बाई कोण, हे फारसं कुणी विचारत नाही. विचारायला हवं.

त्या अलीसा फ्रेइंदलिख. १९७९ साली ‘स्टॉकर’ आला तेव्हा त्यांच्यामागे रंगभूमीवरची बावीस वर्षं होती. त्या आधी नाटकातल्या, मग सिनेमातल्या.

जन्म १९३४ सालचा, लेनिनग्राडचा. वडील ब्रुनो फ्रेइंदलिख स्वतः नावाजलेले नट. १९४१ साली शहराला जर्मन फौजांचा वेढा पडला आणि तो ८७२ दिवस चालला. पहिल्या हिवाळ्यात मुलांच्या वाट्याचा पावाचा शिधा दिवसाला १२५ ग्रॅमवर आला. आजी त्या पावाचे तुकडे करून घड्याळ बघून द्यायची, आणि छोटी अलीसा काट्यांकडे डोळे लावून बसायची. पुढे १९६५ साली नाटककार अर्बूझोव यांच्या ‘माझा बिचारा मरात’मध्ये त्यांनी लीका उभी केली. नाटकाचा पडदा उघडतो तोच १९४२ च्या वेढलेल्या लेनिनग्राडमध्ये! ही भूमिका करायला त्यांना पुस्तकं धुंडाळावी लागली नसतील.

१९६१ ते १९८३ त्या लेनिनग्राडच्या लेन्सोवेत थिएटरमध्ये होत्या. तिथले दिग्दर्शक इगोर व्लादिमीरोव हे त्यांचे पतीही होते. तिथं शॉच्या नाटकातल्या फूलवाल्या एलायझाचं काम केलं, शेक्सपिअरच्या ‘द टेमिंग ऑफ द श्रू’मधली तिखट कॅथरीना केली आणि कार्लसनच्या बालनाट्यात चक्क लहान मुलगाही झाल्या.

नाटक आणि सिनेमा यांचं नातं दह्यावरून कळेल. घरात विरजण मोडू देत नाहीत. कालच्या दह्यातलं चमचाभर आजच्या दुधाला लावायचं, आजच्यातलं उद्याच्या. नाटकातली भूमिका अशीच टिकते. दूध रोज वेगळं, प्रेक्षकही रोज वेगळे. थंडी-उकाडा बघून विरजणाचं प्रमाण बदलावं लागतं. सिनेमा म्हणजे त्याच दह्याचं श्रीखंड. एकदा केलं, डबे भरले, गावोगाव गेलं. श्रीखंडाची वाहवा जरूर करावी, पण हे दही कुणी, कुठं, किती वर्षं लावलं, हेही विचारावं.

चित्रपट दिग्दर्शक रियाझानोव यांचंच बघा. १९६२ च्या ‘हुसार बॅलड’साठी त्यांनी फ्रेइंदलिख यांची चाचणी घेतली, पण भूमिका दिली नाही. १९७७ साली ‘ऑफिस रोमान्स’मध्ये मात्र ल्युद्मिला प्रोकोफ्येवनाच्या भूमिकेसाठी त्याच. हा चित्रपटही मुळात रियाझानोव आणि ब्रागिन्स्की यांच्या नाटकावरून झालेला. खाकी-तपकिरी कपड्यांतली, चष्म्यातली करडी संचालिका हळूहळू उमलते. सारा बदल चालण्यात आणि मानेच्या कलण्यात दिसतो, आणि ही रंगमंचाची कमाई आहे. सोव्हिएत संघात या चित्रपटाची ५ कोटी ८० लाखांच्या वर तिकिटं गेली. रस्त्यावरची माणसं फ्रेइंदलिख यांना ओळखू लागली ती तेव्हा. आणि बघा, त्या वेळी नोकरी होती ती लेन्सोवेतमध्येच.

१९८३ मध्ये त्या लेनिनग्राडमधल्याच, दिग्दर्शक तोव्स्तोनोगोव यांच्या बोल्शॉय ड्रामा थिएटरमध्ये गेल्या. पन्नाशीच्या उंबरठ्यावर नवं घर, नवे सहकलाकार. पुढच्याच वर्षी ‘क्रूर रोमान्स’ या चित्रपटात मुलीचं लग्न जमवण्यासाठी धडपडणारी विधवा आई त्यांनी केली, तीही मूळ ओस्त्रोव्हस्कीच्या नाटकातली. नव्वदच्या दशकात, साठीत, लेडी मॅकबेथ! साठीतली लेडी मॅकबेथ काय सांगू पाहते, यावर खरं तर सविस्तर बोलायला हवं, पण वेळ संपत आला आहे.

म्हणून एकच विनंती. फ्रेइंदलिख यांना ‘स्टॉकर’पुरतं ठेवू नका. लेन्सोवेत थिएटरचं ‘द टेमिंग ऑफ द श्रू’ टेलिव्हिजनसाठी चित्रित झालेलं आहे. ते आधी मिळवून पाहा, भाषा कळली नाही तरी पाहा, आणि मग ‘स्टॉकर’ लावा.