दुसऱ्या वर्गाची प्रतिष्ठा

(हीरक महोत्सवाच्या सांगता समारंभातील मुख्याध्यापिकांचे भाषण)



महाराष्ट्राबाहेर स्थायिक झालेल्या मराठी माणसाचे रेल्वेशी असलेले नाते निराळेच. आपल्यापैकी अनेक कुटुंबांचा या गावातील इतिहास एका रेल्वेप्रवासापासून सुरू होतो. म्हणूनच शाळेच्या साठ वर्षांचा हिशेब मांडताना मला प्रा. मधु दंडवते यांचे स्मरण होते.

मुंबईच्या सिद्धार्थ महाविद्यालयात पदार्थविज्ञान शिकवणारे दंडवते १९७१ साली राजापूर मतदारसंघातून लोकसभेवर निवडून गेले आणि १९७७ मध्ये रेल्वेमंत्री झाले. त्या काळी दुसऱ्या वर्गाच्या शयनयानात उघड्या लाकडी फळीवर रात्र काढावी लागे. अंग आंबून जाई. पण साध्या तिकिटाला साधीच सोय, हे सर्वांनी गृहीत धरले होते. दंडवत्यांनी ते मानले नाही. त्या फळ्यांवर दोन इंच जाडीचा फोम बसवण्याचे काम त्यांनी सुरू केले. त्याच वर्षी डिसेंबरात मुंबई-हावडा मार्गावर धावू लागलेल्या गीतांजली एक्स्प्रेसमध्ये वर्गभेदच नव्हता. पहिल्या वर्गाची गादी काढून घेणे हा त्यांचा हेतू नव्हता. दुसरा वर्ग वर यावा, हा होता.

कोकणच्या रेल्वेचा ध्यासही त्यांनी असाच जोपासला. डोंगर, खाड्या आणि खर्च ही कारणे पुढे करून ती मागणी वर्षानुवर्षे मागे पडत होती. १९९० मध्ये दंडवते अर्थमंत्री व जॉर्ज फर्नांडिस रेल्वेमंत्री असताना कोकण रेल्वे महामंडळ स्थापन झाले. रेल्वे खात्याने व चार राज्यांनी भांडवल घातले, बराचसा पैसा रोख्यांतून उभा राहिला. ई. श्रीधरन यांच्या नेतृत्वाखाली ९१ बोगदे खोदले गेले आणि जानेवारी १९९८ मध्ये रोह्यापासून मंगळूरजवळच्या ठोकूरपर्यंतचा सुमारे ७४० किलोमीटरचा मार्ग संपूर्ण खुला झाला.

हे आजच का सांगते? मराठी माध्यम म्हणजे दुसरा वर्ग, असे कोणी पालक मला तोंडावर म्हणत नाहीत. दरवर्षी घटणारे प्रवेशअर्ज मात्र तेच सांगतात. इतर शाळांना नावे ठेवणे हे त्याचे उत्तर नव्हे. आपली प्रयोगशाळा, आपले ग्रंथालय, आपला इंग्रजीचा तास कोणाहूनही उणा न ठेवणे, हेच उत्तर आहे. मातृभाषेत शिकणाऱ्या मुलाच्या वाट्याला उघडी फळी येता कामा नये.

माजी विद्यार्थ्यांनो, देणगीबरोबरच महिन्यातील एक शनिवार शाळेला द्या. आपापल्या व्यवसायातील ज्ञान या मुलांना मराठीतून सांगा. पालकहो, प्रवेशाचा निर्णय घेण्यापूर्वी एक दिवस वर्गात येऊन बसा, उणिवा दिसतील त्या आम्हांला स्पष्ट सांगा. त्या दूर करण्याची जबाबदारी आमची.