निधी नसल्याची सबब

रस्ता सर्वांचा असतो. म्हणूनच तो बिघडला की तक्रार नेमकी कोणी करावयाची आणि कोणाविरुद्ध, हा प्रश्न न्यायालयांपुढे वारंवार आला आहे. इंग्लंडात १७८८ साली डेव्हन परगण्यातील एका नादुरुस्त पुलामुळे कोणा गृहस्थाच्या मालवाहू गाड्याचे नुकसान झाले. त्याने परगण्याच्या रहिवाशांवर भरपाईचा दावा लावला. न्यायालयाने तो फेटाळला. असा एक दावा मान्य केला तर पुढील दाव्यांना अंत राहणार नाही. शिवाय परगण्याजवळ सामायिक निधीच नाही, तेव्हा भरपाई द्यावयाची कोठून, असे न्यायाधीशांचे म्हणणे होते. याच विचारसरणीतून पुढे एक चमत्कारिक नियम रूढ झाला. दुरुस्ती वाईट करणारी संस्था भरपाईस बांधली जाई, परंतु दुरुस्ती मुळीच न करणारी सुटत असे! निष्क्रियतेला दिलेले हे अभय इंग्लंडने १९६१ च्या कायद्याने काढून घेतले.

भारतात निधीची हीच सबब मध्य प्रदेशातील रतलामच्या नगरपालिकेने पुढे केली. तेथील न्यू रोड या भागात उघडी गटारे वाहत होती, मद्यार्काच्या कारखान्याचे सांडपाणी रस्त्यावर येत होते आणि शौचालयांच्या अभावी झोपडपट्टीतील गरिबांना रस्त्याच्या कडेलाच बसावे लागत होते. १९७२ साली रहिवासी उपविभागीय दंडाधिकाऱ्यांकडे गेले. त्यांनी दिवाणी दावा लावला नाही. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १३३ व्या कलमाचा आधार घेतला. सार्वजनिक उपद्रव दूर करण्याचा हुकूम या कलमान्वये दंडाधिकारी देऊ शकतो. श्रोत्यांनी येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी: या मार्गाने जाणाऱ्याला स्वतःचे विशेष नुकसान सिद्ध करावे लागत नाही. रस्ता सर्वांचा, म्हणून कोणाचाच नव्हे, ही अडचण त्यामुळे दूर होते.

दंडाधिकाऱ्यांनी सहा महिन्यांत योजना तयार करण्यास फर्मावले. सत्र न्यायालयाने तो हुकूम रद्द केला, उच्च न्यायालयाने पुन्हा कायम केला आणि नगरपालिका सर्वोच्च न्यायालयात गेली. पैसा नाही, हे तिचे गाऱ्हाणे होतेच. त्याखेरीज, घाण ठाऊक असूनही हे लोक तेथे राहावयास आले, तेव्हा त्यांना तक्रारीचा अधिकार नाही, असेही तिने मांडले होते. गटार न बांधणाऱ्याने नागरिकाला त्याच्या घराच्या निवडीबद्दल दोष द्यावा, यातील विसंगती उघड आहे.

न्या. कृष्ण अय्यर आणि न्या. चिन्नप्पा रेड्डी यांनी जुलै १९८० मध्ये निकाल दिला. कायद्याने सोपविलेले प्राथमिक कर्तव्य टाळण्यास पैशाची टंचाई हे कारण होऊ शकत नाही. शासनाकडे मागणी करावी, कमी निकडीचे खर्च बाजूस ठेवावेत, परंतु काम झाले पाहिजे, असे त्यांनी ठरविले. न्यायालय तेवढ्यावर थांबले नाही. स्त्रियांसाठी व पुरुषांसाठी स्वतंत्र शौचालये सहा महिन्यांत बांधावीत, कारखान्याचे सांडपाणी रोखावे, घाणीची डबकी बुजवावीत, प्रभाग १२ मधील डासांची पैदास थांबवावी, इतके बारीकसारीक आदेश त्याने दिले. हुकूम न पाळणाऱ्या अधिकाऱ्यांवर खटले भरण्यासही सांगितले. मात्र पहिल्या अर्जापासून येथवर पोहोचण्यास आठ वर्षे लागली होती, हेही विसरता येत नाही.

१ जुलै २०२४ पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता अमलात आली आहे. तिच्या १५२ व्या कलमात हा उपाय कायम आहे.

रतलामच्या निकालाने उपद्रव दूर करावयास लावले. अपघातात सापडलेल्याला भरपाई मिळावी, हा प्रश्न त्यात नव्हता. मुंबई उच्च न्यायालयाने २०१५ मध्ये चांगला रस्ता हा संविधानाच्या २१ व्या अनुच्छेदातील जीविताच्या अधिकाराचा भाग मानला. त्याच न्यायालयाने ऑक्टोबर २०२५ मध्ये खड्ड्यामुळे किंवा उघड्या गटारामुळे मृत्यू झाल्यास वारसांना ६ लाख रुपये, आणि जखमीला दुखापतीच्या मानाने ५० हजार ते अडीच लाख रुपये देण्याचा आदेश दिला. ही रक्कम पुढे जबाबदार अधिकारी व कंत्राटदार यांच्याकडून वसूल करावयाची आहे.