डब्यातले फाळके

गिरगावच्या कोरोनेशन सिनेमात ३ मे १९१३ रोजी दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. दादरच्या बंगल्यात तयार झालेल्या या चार रिळांच्या चित्रपटातली आज जेमतेम दोनच हाती आहेत. त्याच गिरगावात, मॅजेस्टिकला, १९३१ साली लागलेल्या ‘आलम आरा’ची तर एकही प्रत उरलेली नाही.

गेलं कुठे हे सगळं? तेव्हाची फिल्म नायट्रेटची. मुंबईच्या दमट हवेत ती आधी चिकट होते, मग तिची तपकिरी भुकटी होते. पेटली तर पाण्यातही विझत नाही. शिवाय चांदी काढण्यासाठी कितीतरी रिळं भंगारात गेली, हे जास्त चीड आणणारं.

पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं आणि तिथल्या पी. के. नायर यांनी अशा जुन्या फिल्मचे डबे हुडकून आणले. चित्रपट कसा तयार होतो, हे एका फिल्ममध्ये दाखवताना फाळक्यांनी स्वतःलाच कॅमेऱ्यासमोर उभं केलं होतं. त्यातली उरलेली दृश्यं माहितीपटांतून पुन्हा दिसतात. मात्र मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण सोळा चौकटी टिपत. त्या चोवीसच्या वेगानं दाखवल्या, की माणसं उगाच तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक हसतात. त्यात दादासाहेबांचा काय दोष?