क्रीडांगणावरील शिक्षक : जॉन वुडन
(भाषणाचा मजकूर)

क्रीडांगण हीदेखील एक शाळाच आहे, असे आपल्याकडे बक्षीस समारंभांतून वारंवार सांगितले जाते. हे वचन ज्यांनी आयुष्यभर आचरणात आणले, अशा एका अमेरिकी शिक्षकाचे चरित्र म्हणूनच अभ्यासण्यासारखे आहे. त्यांचे नाव जॉन वुडन.

वुडन यांचा जन्म १९१० साली इंडियाना राज्यात झाला. बालपण शेतावर गेले. घरात वीज नव्हती की नळ नव्हता. वडिलांनी कोठाराच्या भिंतीला टोमॅटोची करंडी ठोकून दिली आणि आईने जुन्या पायमोज्यात चिंध्या भरून चेंडू तयार केला. बास्केटबॉलचे हेच त्यांचे पहिले साहित्य. पुढे पर्ड्यू विद्यापीठात १९३० ते १९३२ अशी सलग तीन वर्षे देशातील उत्कृष्ट महाविद्यालयीन खेळाडूंत त्यांची निवड झाली. १९३२ मध्ये पदवी घेऊन ते माध्यमिक शाळेत रुजू झाले. वर्गात इंग्रजी आणि मैदानावर खेळ, असे त्यांचे दुहेरी अध्यापन सुरू झाले. प्रशिक्षक म्हणून पहिल्या वर्षी त्यांच्या संघाच्या विजयांपेक्षा पराभवच अधिक होते.

महायुद्धकाळात नौदलात सेवा करून १९४६ मध्ये ते इंडियानातील राज्य अध्यापक महाविद्यालयात प्रशिक्षक झाले. १९४७ मध्ये त्यांच्या संघाला राष्ट्रीय स्पर्धेचे निमंत्रण आले. परंतु त्या स्पर्धेत कृष्णवर्णीय खेळाडूंना मज्जाव होता आणि संघात क्लॅरेन्स वॉकर हा कृष्णवर्णीय विद्यार्थी होता. वुडन यांनी निमंत्रण नाकारले. पुढच्या वर्षी तो नियम रद्द झाला, संघ गेला आणि वॉकर त्या स्पर्धेत खेळणारा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू ठरला. अंतिम सामना संघ हरला. तथापि चषकापेक्षा विद्यार्थ्याचा मान मोठा, हा धडा त्यापूर्वीच देऊन झाला होता.

१९४८ मध्ये ते लॉस एंजेलिस येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात आले. तेथील जुनी व्यायामशाळा अपुरी होती. त्याच जागेत कुस्ती आणि कसरतीचे वर्गही चालत. सरावापूर्वी वुडन स्वतः जमीन पुसून घेत. पहिले राष्ट्रीय विजेतेपद मिळण्यास १९६४ साल उजाडावे लागले. त्यानंतर मात्र १९७५ पर्यंतच्या बारा वर्षांत दहा विजेतेपदे मिळाली. त्यांपैकी सात सलग होती. १९७१ ते १९७४ या काळात संघाने ओळीने ८८ सामने जिंकले.

या यशामागे कोणती किमया होती? प्रत्येक सरावाचा मिनिटामिनिटाचा आराखडा ते लहानशा कार्डावर लिहून आणीत. हंगामाच्या आरंभी पायमोजे सुरकुती न पडता कसे घालावेत, बुटांच्या नाड्या कशा बांधाव्यात, हे ते शिकवीत. कारण पायाला फोड आला की सराव बुडतो. १९७४-७५ च्या हंगामात दोन मानसशास्त्रज्ञांनी त्यांच्या पंधरा सरावांचे निरीक्षण करून २,३२६ अध्यापनकृतींची नोंद केली. त्यांपैकी निम्म्याहून किंचित अधिक निव्वळ सूचना होत्या : काय करावे आणि कसे करावे. नुसती वाहवा किंवा नुसती खरडपट्टी फारच थोडी होती. शाळा कोणत्याही विषयाची असो, शिक्षकांनी हा निष्कर्ष मनन करण्याजोगा आहे.

१९७५ मध्ये ते निवृत्त झाले आणि २०१० मध्ये, वयाच्या ९९ व्या वर्षी निवर्तले. खेळाडू आणि प्रशिक्षक अशा दोन्ही नात्यांनी बास्केटबॉलच्या सन्मान दालनात स्थान मिळविणारे ते पहिले गृहस्थ होत.

बंधुभगिनींनो, ग्रामपंचायतीने मैदान सपाट करून दोन खांब उभारले, तर काम अर्धे होते. उरलेले अर्धे, रोज ठरल्या वेळी, हाती टिपण घेऊन मैदानावर येणाऱ्या शिक्षकाचे. करंडी आणि चिंध्यांच्या चेंडूवरही खेळाचा आरंभ होऊ शकतो. पण सर्व मुलांना समान वागविणाऱ्या शिक्षकावाचून तो खेळ शिक्षण होत नाही.