विक्रेत्याचे मौन : वापरलेल्या मोटारींचा बाजार आणि ग्राहकाचा हक्क

(राष्ट्रीय ग्राहक दिनानिमित्त तंजावर येथे मराठी भाषक विद्यार्थ्यांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा संपादित मजकूर)



तंजावरला यायचे आणि जुन्या मोटारींवर बोलायचे, याचे तुमच्यापैकी काहींना नवल वाटले असेल. बृहदीश्वर मंदिरातील भोसले घराण्याचा मराठी शिलालेख, सरस्वती महालातील मोडी कागदपत्रे, सरफोजी महाराजांचा विद्याव्यासंग असे विषय या गावात आपोआप सुचतात. परंतु त्याच सरस्वती महाल ग्रंथालयाने प्रकाशित केलेल्या ग्रंथांमध्ये नकुलाच्या नावे प्रसिद्ध असलेले ‘अश्वशास्त्र’ही आहे, हे सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही. घोडा पारखण्याच्या शास्त्राची गरज का भासली? कारण घोड्याची खरी हकीकत विकणाऱ्याला ठाऊक असते, घेणाऱ्याला नसते. युरोपातील घोडेबाजारात तर दात कोरून म्हातारा घोडा तरुण म्हणून खपवण्याची लबाडी प्रसिद्ध होती. मोटारीचे मीटर मागे फिरवणे ही तिचीच आजची आवृत्ती होय.

मध्यमवर्गीय कुटुंबाची पहिली मोटार पुष्कळदा जुनी असते. तिच्यात कोणाची निवृत्तीची रक्कम गुंतलेली असते, कोणाचे दागिन्यांवरचे कर्ज. त्यामुळे या व्यवहारातील फसवणूक किरकोळ समजून चालत नाही. तक्रारींचे प्रकार ठरावीक आहेत. मीटरवरील किलोमीटर कमी केलेले असतात. अपघातात चेपलेली गाडी डेंटिंग-पेंटिंग करून ‘एका हाताची, काळजीने वापरलेली’ म्हणून विकली जाते. गाडीवर बँकेचा बोजा शिल्लक असतो आणि तो सांगितला जात नाही. बयाणा घेतला जातो, मात्र व्यवहार फिसकटल्यावर परत मिळत नाही. वाहनाची नोंद नावावर करून देण्याचे तोंडी आश्वासन दिले जाते आणि महिने उलटले तरी आरसी जुन्याच मालकाच्या नावावर राहते.

पुरात बुडालेल्या गाड्यांचा प्रकार तामिळनाडूत विशेष लक्षात घेण्याजोगा आहे. 2015 च्या अखेरीस चेन्नईत महापूर आला, तेव्हा असंख्य मोटारी पाण्याखाली गेल्या. अशी गाडी विमा कंपनीने ‘टोटल लॉस’ ठरवली की ती लिलावात जाते, पण तिचे आयुष्य तिथेच संपते असे नाही. वाळवून, रंगवून ती शेकडो किलोमीटर दूरच्या गावात पुन्हा विक्रीस उभी राहू शकते. तिची बाहेरची चकाकी पाहून काही कळत नाही. सीटचा पट्टा शेवटपर्यंत ओढून पाहावा, खालच्या टोकाला चिखलाची रेघ दिसते का ते पाहावे, सीटच्या रुळांवरचा गंज पाहावा. मिस्त्रीला सोबत नेण्याचा खर्च वाचवणारे पुढे त्याच्या कितीतरी पट खर्च करतात.

आता या प्रश्नाची अर्थशास्त्रीय बाजू पाहू. तुमच्या अभ्यासक्रमातही ती येते. अमेरिकन अर्थशास्त्रज्ञ जॉर्ज अकरलॉफ यांनी 1970 मध्ये ‘क्वार्टर्ली जर्नल ऑफ इकॉनॉमिक्स’ या नियतकालिकात ‘लेमन्स’च्या बाजारावर एक निबंध लिहिला. अमेरिकेच्या बोलभाषेत ‘लेमन’ म्हणजे खोट असलेली मोटार. त्यापूर्वी तीन नियतकालिकांनी हा निबंध नाकारला होता. पुढे याच विचारासाठी 2001 मध्ये त्यांना मायकेल स्पेन्स व जोसेफ स्टिग्लिट्झ यांच्यासमवेत अर्थशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले.

त्यांचा युक्तिवाद एका छोट्या उदाहरणाने सांगतो. समजा, बाजारात एकाच मॉडेलच्या काही चांगल्या गाड्या आहेत, त्यांची खरी किंमत 4 लाख रुपये. तितक्याच वाईट गाड्या आहेत, त्यांची किंमत 2 लाख. बाहेरून दोन्ही सारख्याच दिसतात. शहाणा ग्राहक सरासरी धरून 3 लाखांपेक्षा जास्त द्यायला तयार होणार नाही. मग 4 लाखांची गाडी 3 लाखांना कोण विकेल? चांगल्या गाडीचा मालक बाजारातून निघून जातो, वाईट गाड्या उरतात आणि ग्राहक भाव आणखी पाडतो. माहितीच्या विषमतेतून होणाऱ्या या घसरणीला ‘प्रतिकूल निवड’ म्हणतात. लक्षात घ्या, येथे नुकसान केवळ फसलेल्या ग्राहकाचे होत नाही. प्रामाणिक विक्रेत्यालाही त्याच्या प्रामाणिकपणाचा मोबदला मिळत नाही आणि हळूहळू त्याची जागा अप्रामाणिक विक्रेता घेतो.

अकरलॉफ यांनी 1967-68 हे वर्ष दिल्लीत भारतीय सांख्यिकी संस्थेत काढले होते आणि त्या निबंधात भारताचे संदर्भ आहेत. गृहिणीला बाजारातल्या तांदळातून मुद्दाम मिसळलेले, त्याच रंगाचे व आकाराचे खडे निवडावे लागतात, असा एक दाखला त्यांनी दिला आहे. कावेरीच्या खोऱ्यातील या भाताच्या कोठारात राहणाऱ्यांना तो समजावून सांगण्याची गरज नाही. तांदूळ निवडण्यात घरातल्या बाईचा जो वेळ जातो, तोही अप्रामाणिकपणाचाच खर्च आहे. तो फक्त कोणत्याही हिशेबात लिहिला जात नाही.

कायदा याबाबत काय म्हणतो? येथे पुन्हा घोडा भेटतो. भारतीय करार अधिनियम, 1872 च्या कलम 17 मध्ये कपटाची व्याख्या आहे आणि तिला जोडलेल्या दृष्टान्तांत सदोष घोड्याच्या विक्रीचा प्रसंग घेतला आहे. लिलावात घोडा विकणाऱ्याला त्याचा दोष माहीत आहे, पण तो गप्प राहतो. कायद्याच्या दृष्टीने हे कपट नाही. घेणारी मुलगी विकणाऱ्याचीच नुकतीच सज्ञान झालेली कन्या असेल, तर मात्र दोष सांगणे त्याचे कर्तव्य ठरते. आणि घेणाऱ्याने ‘तुम्ही नाही म्हटले नाहीत, तर घोडा निर्दोष आहे असे मी समजेन’ असे बजावले असूनही विकणारा गप्प राहिला, तर त्याचे मौन हेच बोलणे समजले जाते. परीक्षेच्या दृष्टीने हा तिसरा दृष्टान्त महत्त्वाचा आहेच, व्यवहारात त्याहूनही अधिक. गाडी घेण्यापूर्वी अपघात, पूर, मीटर व कर्ज यांविषयीचे प्रश्न विक्रेत्याला लेखी, निदान मोबाइलवरील संदेशाने विचारावेत. त्याच अधिनियमाचे कलम 19 मात्र दुसऱ्या बाजूने इशारा देते : साधारण दक्षतेने सत्य कळले असते, तर खोट्या विधानाच्या किंवा कपटरूप मौनाच्या आधारे करार रद्द करून मागता येत नाही.

ग्राहक संरक्षण अधिनियम, 1986 ने या जुन्या चौकटीबाहेर पाऊल टाकले. त्याची जागा घेणारा 2019 चा अधिनियम जुलै 2020 पासून अमलात आला. गुणवत्ता, प्रमाण, दर्जा व किंमत यांविषयी माहिती मिळणे हा त्यात ग्राहकाचा हक्क मानला आहे. मालाचा दर्जा किंवा पूर्वीचा इतिहास यांविषयी खोटे सांगणे, वापरलेली वस्तू नवी म्हणून विकणे या ‘अनुचित व्यापारी प्रथा’ ठरतात. हा शब्दप्रयोग नीट ध्यानात ठेवा. इंजिनात दोष आहे हे सिद्ध करण्यासाठी तज्ज्ञाचा अहवाल लागतो, आणि जुन्या गाडीत थोडीफार झीज असणारच, असा बचाव विक्रेत्याला उपलब्ध असतो. याउलट 40 हजार किलोमीटर सांगून 90 हजार धावलेली गाडी विकली, तर सर्व्हिस सेंटरची जुनी नोंद पुरेशी बोलकी असते. म्हणून तक्रारीत दोषाइतकाच भर खोट्या विधानावर द्यावा.

गोव्यातील एक प्रकरण या दृष्टीने अभ्यासण्यासारखे आहे. एका ग्राहकाने 2011 सालच्या मॉडेलचे पैसे भरले आणि त्याच्या हाती 2009 साली तयार झालेली, 622 किलोमीटर धावलेली मोटार पडली. जिल्हा मंच, राज्य आयोग व राष्ट्रीय आयोग या तिन्ही पातळ्यांवर ग्राहकाच्या बाजूने निर्णय झाला आणि विक्रेत्यासोबत टाटा मोटर्स कंपनीलाही जबाबदार धरण्यात आले. सर्वोच्च न्यायालयाने 18 फेब्रुवारी 2021 रोजी कंपनीला या जबाबदारीतून मुक्त केले. कंपनी व विक्रेता यांचे नाते मालक आणि अभिकर्ता असे नव्हते, तर दोन स्वतंत्र व्यापाऱ्यांचे होते, आणि विक्रेत्याने काय केले याची विशेष माहिती कंपनीला होती असे दाखवले गेले नव्हते. दुकानावरील मोठ्या कंपनीच्या पाटीवर विसंबणाऱ्या ग्राहकाने हा निकाल जरूर वाचावा.

नोंदणी हस्तांतरणाचा प्रश्न याहून गंभीर आहे आणि त्यात विकणाराही भरडला जातो. मोटार वाहन अधिनियम, 1988 नुसार ‘मालक’ म्हणजे ज्याच्या नावे वाहनाची नोंद आहे ती व्यक्ती. कलम 50 अन्वये राज्यातल्या राज्यात वाहन विकणाऱ्याने 14 दिवसांत आणि घेणाऱ्याने 30 दिवसांत हस्तांतरणाची माहिती द्यावयाची असते. पुष्कळ लोक कोऱ्या फॉर्मवर सह्या करून गाडी विक्रेत्याच्या हवाली करतात आणि निश्चिंत होतात. ती गाडी पुढे तीन-चार हातांतून फिरते. फेब्रुवारी 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या खंडपीठासमोर असेच प्रकरण आले होते. अपघात दुसऱ्याच कोणाच्या ताब्यातील गाडीने झाला, परंतु नोंद मूळ मालकाच्या नावावर असल्याने भरपाईची जबाबदारी त्याच्यावरच राहिली. अपघातग्रस्ताच्या कुटुंबाने खरेदीदारांच्या साखळीमागे धावत बसू नये, ही न्यायालयाची भूमिका रास्तच होती.

या दुखण्यावर केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाने डिसेंबर 2022 मध्ये केंद्रीय मोटार वाहन नियमांत दुरुस्ती केली आणि ती 1 एप्रिल 2023 पासून लागू झाली. नोंदणीकृत वाहनांच्या खरेदी-विक्रीचा व्यवसाय करणाऱ्याने नोंदणी प्राधिकाऱ्याकडून प्राधिकारपत्र घेणे आवश्यक झाले. मालकाने अशा विक्रेत्याला गाडी सोपवल्याची सूचना पोर्टलवर दिली, की तो विक्रेता ‘मानीव मालक’ ठरतो आणि त्या वाहनाच्या बाबतीत जे घडेल त्याची जबाबदारी त्याच्यावर येते. ताब्यातील गाडी त्याला दाखवण्यासाठी, दुरुस्तीसाठी किंवा तपासणीसाठीच रस्त्यावर नेता येते आणि प्रत्येक फेरीची इलेक्ट्रॉनिक नोंद ठेवावी लागते. माझ्या मते या क्षेत्रातील ही सर्वांत मोलाची सुधारणा आहे. मात्र ग्राहक जोवर प्राधिकारपत्र दाखवा असे म्हणत नाही, तोवर ती कागदावरच राहण्याचा धोका आहे. या नियमांत गाडीच्या प्रकृतीविषयी लेखी निवेदन देण्याची सक्तीही नाही. अमेरिकेत मीटरमधील फेरफाराविरुद्ध 1972 पासून संघीय कायदा आहे आणि 1985 पासून विक्रेत्याला प्रत्येक जुन्या मोटारीच्या काचेवर हमी आहे की नाही, हे सांगणारा छापील कागद लावावा लागतो. आपल्याकडे असा कागद आणायला फार खर्च येणार नाही.

विम्याचे एक सूक्ष्म कलम जाता जाता सांगतो. वाहन हस्तांतरित झाले की तृतीय पक्षाचा विमा कायद्याने नव्या मालकाकडे गेला असे मानले जाते. स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा विमा मात्र असा आपोआप जात नाही. तो आपल्या नावावर करून घ्यावा लागतो.

तक्रार कशी करावी? राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक 1915 आहे. तेथे तडजोड झाली नाही, तर जिल्हा आयोगाकडे जावे. 2021 च्या नियमांनुसार मोबदल्यापोटी दिलेली रक्कम 50 लाख रुपयांपर्यंत असेल, तर अधिकार जिल्हा आयोगाचा. 5 लाखांपर्यंत शुल्क नाही. मुदत दोन वर्षांची. 2019 च्या अधिनियमाने दिलेली मोठी सोय ही, की ग्राहक जेथे राहतो किंवा नोकरी-व्यवसाय करतो तेथे तक्रार दाखल करता येते. चेन्नईत किंवा एखाद्या ऑनलाइन मंचावर घेतलेल्या गाडीची तक्रार तंजावरच्या जिल्हा आयोगात चालू शकते. वकील नेमण्याची सक्ती नाही. जाहिरातीचे छायाचित्र, संदेश, पावती आणि मिस्त्रीचा लेखी अभिप्राय जपून ठेवावा. एवढे मात्र ध्यानात असू द्या, की शेजाऱ्याने आपली स्वतःची गाडी विकली तर तो व्यापारी नव्हे, त्याच्याविरुद्ध दिवाणी न्यायालयातच जावे लागते. टॅक्सीसाठी गाडी घेणारा तरुण केवळ स्वयंरोजगारातून उपजीविका करत असेल, तर तो ग्राहकच ठरतो.

शेवटी पावतीमागे छापलेल्या ‘आहे तशी, आहे तिथे’ या वाक्याविषयी. त्या वाक्याने खोटे बोलण्याचा परवाना मिळत नाही. ग्राहकाच्या हक्कांत लक्षणीय बदल घडवणाऱ्या अशा एकतर्फी अटींना 2019 च्या अधिनियमाने ‘अनुचित करार’ म्हटले आहे, परंतु त्यांविरुद्धची तक्रार जिल्हा आयोगाकडे न ठेवता राज्य आयोगाकडे सोपवली आहे. दोन लाखांच्या गाडीसाठी येथील माणसाने चेन्नईतील राज्य आयोगाकडे किंवा त्याच्या मदुरै येथील खंडपीठाकडे जावे, ही अपेक्षा मला अवास्तव वाटते. हा अधिकार जिल्हा आयोगांना देणारी दुरुस्ती संसदेने करावी.