उशिराची किंमत

मुदत, तारीख, अर्ज, हुकूम, माफी हे शब्द अरबीतून फारसीच्या वाटेने मराठीत आले आणि कचेरीत कायमचे मुक्कामाला राहिले. नोकरी गेलेल्या माणसाला ते सगळे एकदमच भेटतात. हातात हुकूम पडतो, मुदतीत अर्ज करायचा असतो आणि मुदत टळली की माफी मागावी लागते. कायद्यात तिला विलंबमाफी म्हणतात. आज तिच्याविषयी थोडे बोलू.

खाजगी शाळेतील शिक्षकाचे उदाहरण घ्या. महाराष्ट्राच्या 1977 च्या कायद्याप्रमाणे बडतर्फ झालेल्या शिक्षकाला शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. मुदत, आदेश मिळाल्यापासून 30 दिवस. त्यातला पहिला आठवडा घरी कसे सांगावे यातच जातो. दुसरा संस्थाचालकांच्या दारात. 'जरा थांबा, बघू' असे कोणी म्हणतो आणि हा त्या शब्दावर थांबतो. मग वकिलाची फी जमवायची. एकतिसाव्या दिवशीही त्याची बाजू कालच्याइतकीच खरी असते, पण दार लागलेले असते.

मात्र दाराला कडी घातली तरी कुलूप लावलेले नाही. उशिराला 'पुरेसे कारण' होते असे पटले, तर न्यायाधिकरण अपील घेऊ शकते. 1971 च्या महाराष्ट्राच्या कामगार कायद्यातही अनुचित प्रथांच्या तक्रारीसाठी 90 दिवस ठेवले आणि त्यापुढे सबळ कारण असल्यास सवलत दिली.

मग मुदत हवीच कशाला, असे कोणी विचारील. हवी. साक्षीदार विसरतात, हजेरीपुस्तके गहाळ होतात, रिकाम्या जागी दुसरा माणूस लागतो आणि त्याचेही घर त्याच पगारावर चालते. म्हणून प्रश्न मुदतीचा नाही, उशीर कसा मोजावा याचा आहे.

1987 मध्ये जम्मू-काश्मीरमधील अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात सरकारला अपिलासाठी 4 दिवस उशीर झाला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो माफ केला. प्रत्येक दिवसाचा हिशेब मागायचा तर प्रत्येक तासाचा, प्रत्येक सेकंदाचा का नको, अशा अर्थाचा प्रश्न न्यायालयाने केला. तो निकाल नोकरीचा नव्हता, पण नोकरी गेलेली माणसे आजही त्याचा आधार घेतात. पुढे 2012 मध्ये टपाल खात्याचा 427 दिवसांचा उशीर मात्र त्याच न्यायालयाने माफ केला नाही. सरकारसाठी वेगळे घड्याळ नाही, असा त्याचा अर्थ. ज्याच्या पदरी वकील आणि कारकून आहेत, त्याचा उशीर आणि एकट्या कामगाराचा उशीर एका तागडीत तोलू नयेत.

मला सगळ्यांत मोलाचा वाटतो तो 1999 चा निकाल. पंजाबातील सहकारी संस्थेच्या एका कामगाराने बडतर्फीनंतर सात वर्षांनी दाद मागितली होती. तेव्हाच्या औद्योगिक विवाद कायद्यात अशा मागणीला ठरावीक मुदत नव्हती, तरी उच्च न्यायालयात उशीरच आडवा आला. सर्वोच्च न्यायालयाने त्याला नोकरी परत दिली, पण मागचा पगार पूर्ण दिला नाही. उशिराची किंमत घेतली, माणसाला मात्र परत पाठवले नाही. बहुतेक प्रकरणांत हीच वाट माणुसकीची आहे.

पण न्यायाधीशाला आपले घर दिसत नाही, त्याला कागद दिसतो. म्हणून आदेशाचे पाकीट फेकू नका. त्यावरच्या टपालाच्या शिक्क्यावरून तो कधी पोहोचला ते कळते. दवाखान्याची चिठ्ठी, गावी गेल्याचे तिकीट, पाठवलेल्या विनंतीपत्राची पोच जपून ठेवा. अपिलासोबत विलंबमाफीचा वेगळा अर्ज द्या आणि त्यात घडले तेच, तारीखवार लिहा. खोटा आजार लिहू नका. तो उघडा पडला की खरी कारणेही बुडतात.

आणि एवढे करून माफी मिळाली, तरी खटला जिंकला असे नव्हे. आपले म्हणणे ऐकले जाईल, इतकेच. पण ज्याची वीस वर्षांची नोकरी एका कागदाने गेली, त्याला निदान एकदा बोलू द्यावे, एवढे मागणे काही जास्त नाही.