हरवलेला स्वर्ग आणि मागे राहिलेली बायको

आमच्या वाचन गटातर्फे आज आम्ही एका जपानी कादंबरीविषयी बोलणार आहोत. विषय विवाहबाह्य प्रेमाचा आहे, तेव्हा लहान मुलं जवळ असतील तर आवाज जरा कमी करा.

कादंबरीचं नाव 'शित्सुराकुएन', म्हणजे हरवलेला स्वर्ग. लेखक जुनइची वातानाबे मूळचे हाडांचे डॉक्टर. त्यांची ही कादंबरी आधी एका अर्थविषयक दैनिकात क्रमशः छापून आली. शेअरचे भाव बघणारे नोकरदार पुरुष रोज पेपर उघडून हीच गोष्ट वाचू लागले. १९९७ साली पुस्तक निघालं आणि वीस लाखांहून जास्त प्रती खपल्या. त्याच वर्षी सिनेमा आला, टीव्ही मालिका आली. 'शित्सुराकुएन करणं' म्हणजे लफडं करणं, असा शब्दच जपानी बोलण्यात रुळला.

गोष्ट साधी आहे. कुकी हा पन्नाशी ओलांडलेला गृहस्थ. प्रकाशन संस्थेनं त्याला मोठ्या पदावरून बाजूला सारलंय. रिंको अडतिशीच्या आसपासची, सुलेखन शिकवते, नवरा डॉक्टर. दोघं प्रेमात पडतात. मग कुकीच्या कचेरीत निनावी पत्र येतं, पुढे त्याची नोकरी सुटते. रिंकोवर आई रागावते. नवरा तर तिला घटस्फोटच देत नाही. अडकवून ठेवायचं, हीच त्यानं दिलेली शिक्षा. शेवटी दोघं मिळून जीव देतात.

जपानमध्ये १९४७ पर्यंत व्यभिचाराचा कायदा होता. विवाहित बाईनं परपुरुषाशी संबंध ठेवले, तर नवऱ्याच्या तक्रारीवरून तिला कैद होई. नवऱ्यानं बिनलग्नाच्या बाईशी ठेवले, तर तो गुन्हा नव्हता. कायदा गेला, पण पन्नास वर्षांनी लिहिलेल्या गोष्टीतही रिंकोच्या सुटकेची किल्ली नवऱ्याच्याच खिशात आहे.

आमच्या गटात यावर खूप वाद झाला. कुणी म्हणालं, असं प्रेम नशिबानंच मिळतं. कुणी म्हणालं, घरच्यांना फसवलं त्याचं काय? दोन्ही बाजूंत तथ्य आहे. पण वाद घालता घालता आम्हाला आठवली ती कुकीची बायको. नवऱ्याचं बाहेर काय चाललंय हे कळल्यावर ती स्वतःहून घटस्फोट मागते. कादंबरीत तिला जागा थोडी. तिच्यावर कुणी हळहळलं नाही. पण ती जगते, आणि पुढचं स्वतः ठरवते.

मरणानं प्रेम खरं ठरतं, असं कथा-सिनेमातून आपल्यालाही फार शिकवलं गेलंय. आम्हाला ते पटत नाही. रिंकोला मोकळं होता आलं असतं, आईनं दार उघडं ठेवलं असतं, तर? चुकलेल्या लेकीलाही माहेरी यायला वाट हवी. नंतर तिला बोला, भांडा, पण आधी घरात घ्या.

ऐकणाऱ्यांपैकी कुणाचा जीव असा कोंडला असेल, तर १४४१६ या सरकारी टेलि-मानस क्रमांकावर बोला. आणि कादंबरीतलं कोण तुम्हाला जवळचं वाटलं, रिंको की ती बायको, ते आम्हाला नक्की कळवा. नमस्कार.